रिकाम्या पोटाची मासळी

मी तिचं पोट दोनदा दाबून पाहिलं होतं. अंगठा गळ्याखाली ठेवला आणि हलक्या हाताने शेपटीकडे ओढत नेला. आम्हा ढिवरांच्या घरात हे शिकवावं लागत नाही. पोटात गाभोळी, म्हणजे अंडी, असली तर अंगठ्याला कळतं. पिकलेली असली तर चार दाणे बाहेरही येतात. काही आलं नाही. पोट आत गेलेलं, पाठीला लागलेलं. एकटी मासळी, तीही रिकामी. तलावात सोडली तर थोडे दिवस पोहेल आणि एखाद्या दिवशी बगळ्याच्या चोचीत जाईल, असं मी समजलो.

तोंड उघडून पाहिलं नाही. मासळीच्या तोंडात कोण पाहतो?

माझं नाव धनीराम. गाव मोहटोला, पवनीच्या बाजूला. गावाला जुना तलाव आहे आणि तलावावर आम्हा ढिवरांची संस्था. दर आषाढात संस्था बाहेरून रोहू-कटल्याची बोटुकली, म्हणजे बोटाएवढी पिल्लं, आणून पाण्यात सोडते. त्यानंतर चार महिने कोणी जाळं टाकायचं नाही. उन्हाळ्यात पाणी खाली गेलं की सगळे सभासद मिळून मोठं जाळं ओढतात. त्यावर घरं चालतात. शिवाय तलावात आपोआप वाढणारी गावरान मासळी असे. मरळ, मांगूर, बाम. मरळीची पिल्लं लाल गोळा करून पाण्याच्या वर फिरतात आणि आईबाप दोघं खालून राखण करतात. पिल्लांवर काठी आपटली की आईबाप धावून वर येतात, मग त्यांना धरायला वेळ लागत नाही. दुसऱ्या गावचे लोक तसं धरतात. आमच्याकडे ते पाप मानतात. मासळी पोरांची राखण करते हे मला लहानपणापासून माहीत होतं. ती बाहेरून करते, एवढंच माहीत होतं.

आमचा जिल्हा फुटून गोंदिया वेगळा झाला, त्याला दहा वर्षं झाली होती. भादव्याचे दिवस. माझी एकुलती पोरगी ज्योत्सना पहिल्या बाळंतपणासाठी माहेरी आलेली. तिची आई आधीच वारली होती, म्हणून चूल मीच पाहायचो. पोरीला मासळीचे डोहाळे लागले आणि तलाव बंद. मग मी साळ्याकडे, म्हणजे बायकोच्या भावाकडे, गेलो. त्याचा भाग आता गोंदिया जिल्ह्यात गेला. तिकडच्या धरणातून त्याने पाच मासळ्या दिल्या, तळहाताएवढ्या, राखी रंगाच्या, पाठीवर काटे. "तिलापी म्हणतात. पाण्याबाहेर लवकर मरत नाही, जिवंत घेऊन जा," म्हणाला. तेलाच्या रिकाम्या लहान पिंपात पाणी भरून मी त्या एसटीने आणल्या. कंडक्टर म्हणाला, "काका, यांची अर्धी तिकीट फाडू का?"

चार मासळ्या कापल्या. पाचवी दोन दिवस गंगाळात राहिली. ज्योत्सना तिला भाताची शितं टाकायची. मासळी एकही शीत घ्यायची नाही. तोंड घट्ट मिटून, जबडा मात्र हळूहळू हलवत राहायची, तोंडात पान धरल्यासारखी.

"बाबा, इले नका कापू," ज्योत्सना म्हणाली. "माह्यासारखीच हाये. अन्न जात नाही तिले."

"मंग काय करू? पाळू?"

"तलावात सोडा ना."

तेव्हा मी पोट दाबून पाहिलं. कारण संस्थेचा नियम होता. दुसऱ्या पाण्याची मासळी आपल्या तलावात सोडायची नाही, सोडेल त्याचं नाव सभासदांतून कमी. हा नियम झाला त्या दिवशी पहिला हात माझा वर गेला होता. पण मी मनाशी म्हटलं, नियम अंड्यांसाठी आहे, पैदास होऊ नये म्हणून आहे. हिच्यात तर काहीच नाही. पोरीचं मन राखावं. दुपारी पाळीवर, तलावाच्या बांधावर, कोणी नव्हतं. मी उथळ पाण्यात उतरून मासळी सोडली. ती लगेच गेली नाही. माझ्या पायाजवळच्या गवतात थांबली, जबडा हलवत. मग गेली.

ज्योत्सनाला मुलगी झाली, ती सासरी गेली आणि मी मासळी विसरलो.

दुसऱ्या उन्हाळ्यात जाळ्यात दहापंधरा राखी मासळ्या आल्या. तिसऱ्या उन्हाळ्यात जाळं ओढता ओढेना. सगळे खूश झाले. काठावर आणून पाहिलं तर राखी मासळीच राखी मासळी, बोटभर, काटेरी, कोणी विकत घेणार नाही अशी. कटला बोटांवर मोजण्याइतका. मरळ एकही नाही. भैय्यालाल, जो आमच्यात सगळ्यात बोलका, तो म्हणाला, "हे कोणाच्या सासरहून आले बे इतके पाहुणे?" कोणी हसलं नाही. मी स्वतःलाच समजावलं. एक मासळी, रिकाम्या पोटाची. नर नाही, अंडं नाही. ती कशी असेल?

त्याच उन्हाळ्यात पवनीला तलावाच्या संस्थांसाठी दोन दिवसांचं शिक्षण ठेवलं होतं. संस्थेने मला आणि लिलाधरला पाठवलं. लिलाधर माझ्या काकाचा मुलगा, माझ्याहून बारा वर्षांनी लहान. दर आषाढात बोटुकली आणायचं काम त्याचं. हवा भरलेल्या प्लास्टिकच्या पिशव्यांत पिल्लं यायची, आणि पिशवी उजेडासमोर धरून पाहिल्याशिवाय तो पाण्यात सोडायचा नाही.

एक शिकलेली बाई भिंतीवर फोटो दाखवत होती. समुद्रातले पोवळ्याचे खडक, त्यांच्या कपारीत लाल-पिवळे मासे. एका लहान मासळीचा फोटो तिने मोठा करून दाखवला. तोंड थोडं उघडं आणि आत बारीक मण्यांचा गच्च गोळा.

"ही अंडी आहेत," बाई म्हणाल्या. "आई अंडी घालते आणि हा बाप ती तोंडात घेतो. पिल्लं निघेपर्यंत तोंडातच ठेवतो. तेवढे दिवस काही खात नाही."

लिलाधरने मला कोपर मारलं. "दादा, बाप म्हनते! आपल्याकडे पोट्टं रडलं का बाप तंबाखूचा खर्रा आनाले जाते."

आजूबाजूचे हसले. बाईंनाही हसू आलं. त्या म्हणाल्या, "फार भूक लागली किंवा घाबरला, तर हाच बाप कधी अंडी गिळूनही टाकतो. तोही काही देव नाही." मग दुसरा फोटो लावला. राखी मासळी, पाठीवर काटे. "समुद्र लांब आहे, पण तुमच्या तलावांत आलेली ही तिलापी अशीच. हिच्यात आई तोंडात धरते. अंडी फुटली तरी पिल्लं काही दिवस तोंडात येत-जात राहतात. पोट पाहाल तर रिकामं दिसेल. जबडा फुगलेला असतो आणि ती तो हलवत राहते, आतलं पाणी फिरवायला. एका मासळीच्या तोंडात शेकड्यांनी पिल्लं असतात. म्हणून एक जरी..."

पुढचं मी ऐकलं नाही. हॉलमध्ये पंखे फिरत होते तरी मला घाम सुटला. गंगाळातला तो जबडा दिसत होता. लिलाधर विचारत होता, "काय झालं दादा? पानी आनू?" मी म्हटलं, "चहा चढला." त्याने खरंच बाहेर जाऊन पाणी आणलं, लोटा माझ्या हातात दिला, आणि मी पिईपर्यंत समोर उभा राहिला.

परत येताना एसटीत तो खिडकीला डोकं टेकवून झोपला होता. सांगायला तीच वेळ होती. मी गावापर्यंत बोललो नाही.

महिनाभराने संस्थेची सभा बसली. अध्यक्ष केशवराव. तलाव खराब झाला, कोणीतरी आणलं, कोणी आणलं? बाहेरून तलावात पिल्लं आणणारा माणूस एकच.

"लिलाधर, पिशवीत भेसळ आली असन," केशवराव म्हणाले. "तू पाहिलं नसशील."

"मी एक-एक पिशवी उन्हात धरतो, अध्यक्ष. सारे पाहतात."

"मंग हे काय आभाळातून पडले?"

"मले काय माहीत? पन मी नाही आनले."

"कबूल कर ना बे," भैय्यालाल म्हणाला. "चूक झाली म्हन, पाय धर, विषय संपला."

"जे केलं नाही ते काहून कबूल करू?"

कबूल केलं असतं तर एखादा उन्हाळा बाहेर बसवून परत घेतलं असतं. पण तो अडून बसला, म्हणून सगळे चिडले. त्याचं नाव कमी करायचा ठराव झाला. मी वयाने सर्वांत मोठा, म्हणून वही पहिल्यांदा माझ्याकडे आली. साठी जवळ आल्यावर मी शाळेतल्या प्रौढ वर्गात अक्षरं शिकलो होतो. त्याआधी अंगठा द्यायचो. अंगठा देताना खाली काय लिहिलंय ते कळत नसे. आता कळत होतं. 'लिलाधरने बाहेरची मासळी तलावात सोडली असे सिद्ध झाल्याने...' मी शब्द शब्द वाचला आणि खाली धनीराम लिहिलं. लिलाधर माझ्याकडे पाहत होता. आपला मोठा भाऊ काहीतरी बोलेल, निदान थांबा म्हणेल, असं त्याला वाटत असावं. मी वही पुढच्या माणसाकडे सरकवली.

पुढे मी स्वतःला सांगत असे की ज्योत्सनाचं नाव येऊ नये म्हणून गप्प राहिलो. पोटुशी पोरगी, तिने सोडायला लावली, सासरपर्यंत बोभाटा झाला असता. खरं सांगायचं तर पोरीचं नाव मी ढालीसारखं पुढे धरलं. मला माझी जागा सोडवत नव्हती. मोठ्या जाळ्याच्या उजव्या दोराला पहिला माणूस मी असतो, माझ्या बापानंतर मी.

लिलाधरकडे शेती नव्हती. तो चिखल्याला गेला आणि तिथल्या मँगनीजच्या खाणीबाहेर ट्रकांवर दगड चढवायच्या कामाला एका ठेकेदाराकडे लागला. दिवाळीला आणि संक्रांतीला यायचा. पाण्यातला माणूस तो, खाणीच्या काळ्या धुळीने त्याचे हात, पापण्या, सगळं काळं झालं होतं. मला भेटला की पाया पडायचा, "बरं हाये ना दादा?" विचारायचा. प्रत्येक वेळी मी "बरं हाये" म्हणालो.

त्याची बायको सखाबाई गावातच राहिली, रोवणीला आणि कापणीला जायची. मी तिचा भासरा, नवऱ्याचा मोठा भाऊ. आमच्यात सून भासऱ्याशी तोंडाने बोलत नाही. समोरून मी आलो की ती डोक्यावरचा पदर कपाळापर्यंत ओढून बाजूला उभी राहायची, मी जाईपर्यंत. तलाव संस्थेकडून तिच्या घरी एक मासळी जात नव्हती, आणि ज्याने हे केलं त्याच्यासाठी ती वाट सोडून उभी राहायची. चार वर्षं. मी रस्ता बदलून जायला लागलो.

चौथ्या वर्षी चैत्रात ज्योत्सना मुलीला घेऊन आली होती. एका सकाळी सखाबाई अंगणात आली आणि भिंतीकडे तोंड करून ज्योत्सनाजवळ बसली.

"ज्योत्सना, बाबाले म्हन, एक अर्ज लिहून द्या. अक्षर येते म्हनून आली. बाहेरच्याकडून लिहाले लाज वाटते."

ज्योत्सनाने माझ्याकडे पाहिलं. मी वहीचं पान फाडलं. सखाबाई ज्योत्सनाला सांगायची, मी ऐकून लिहायचो, जणू ती माझ्याशी बोलतच नव्हती.

"लिही म्हना, माह्या नवऱ्याचं नाव परत घ्या. धुळीनं त्याले दमा लागला. रातभर बसून राहते म्हनते तिकडचा मानूस."

मी लिहिलं.

"लिही म्हना, त्यानं मासळी सोडली नाही. हा खोटा आळ हाये. ज्यानं सोडली त्याले देव पाहून घेईन."

पेन थांबलं. ज्योत्सना म्हणाली, "काकू, असं अर्जात लिहीत नसतात."

"मंग ते ठेवा. खोटा आळ हाये, इतकं लिहा."

'हा खोटा आळ आहे' हे मी माझ्या हाताने लिहिलं. 'आळ' लिहिताना ळ नीट जमला नाही, म्हणून तो गिरवला. सखाबाईने कागद दोन्ही हातांनी घेतला, कपाळाला लावला आणि भिंतीकडेच पाहत म्हणाली, "ज्योत्सना, बाबाच्या पाया पडली म्हनून सांग."

ती गेल्यावर मी ज्योत्सनाला सगळं सांगितलं. गंगाळातली मासळी तिला आठवत होती. तिलापी तोंडात पिल्लं धरते हे तिला माहीत नव्हतं. पवनीला काय ऐकलं तेही सांगितलं.

"म्हंजे सही केली तवा तुमाले माहीत होतं?"

"होतं."

ती मुलीच्या केसांतून फणी फिरवत राहिली.

"माह्यं नाव सांगा. मीच म्हनलं होतं सोडा म्हनून."

"तुहं नाव मी कोनासमोर घेनार नाही."

"आतापर्यंत कोनाचं घेऊन राहिले होते?" ती म्हणाली, आणि मुलीला उचलून आत गेली.

वैशाखात सभा झाली. पाळीवरच्या संस्थेच्या शेडमध्ये, सकाळी. सखाबाई बाहेर कडुनिंबाखाली बायांत बसली होती. केशवरावांनी अर्ज वाचला आणि घडी घातली. "दया येते, पन ठराव तो ठराव. एकाले परत घेतलं तर नियमाले अर्थ काय?"

मी उभा राहिलो. शेडचा खांब धरला.

"लिलाधरनं नाही सोडली. मी सोडली."

मग भैय्यालाल म्हणाला, "काका, बसा. उन्हाचं आले तुमी."

मी सगळं सांगितलं. साळ्याकडचं पिंप, गंगाळ, रिकामं पोट. ज्योत्सनाचं नाव घेतलं नाही. सांगून झाल्यावर वाटलं होतं कोणी अंगावर धावून येईल. लोक एकमेकांकडे पाहून हसायला लागले.

"एका मासळीनं तलाव भरला?" केशवराव म्हणाले. "तेही पोटात अंडं नसलेल्या? धनीराम, भावासाठी जीव तुटते, समजते आमाले. पन असं खोटं कायले बोलता?"

"लिलाधर तुमाले काही बोलला का?" दुसऱ्याने विचारलं. "घरात काही झालं का?"

मला हे सुचलं नव्हतं. चार वर्षं जी गोष्ट सांगायला घाबरलो, ती सांगितल्यावर कोणी खरी मानत नव्हतं. मी खरं बोलत होतो आणि ते मला चांगला माणूस समजत होते. ते सहन होईना.

"जाळं आना," मी म्हणालो. "फेकजाळं आना, आत्ता दाखवतो."

कोणी उठेना, म्हणून मी स्वतः शेडमधलं जाळं घेतलं आणि पाण्यात उतरलो. ऊन चढत होतं. तिलापी काठाजवळ मातीत वाटीएवढे खड्डे करते, तिथेच सापडते. पहिल्या फेकीत सात-आठ आल्या. एकेकीचं तोंड उघडून पाहिलं, काही नव्हतं. पाळीवर हशा झाला. "काका, दात मोजून राहिले का?" दुसऱ्या फेकीतही काही नाही. तिसरी फेक मी लांब टाकली आणि जाळं हळू ओढलं. एका मासळीचा गळा खालून फुगलेला होता, जबडा हलत होता.

"घमेल्यात पानी भरा," मी ओरडलो.

भैय्यालालनेच घमेलं भरून आणलं. त्याआधी मी ती मासळी सगळ्यांसमोर धरली, केशवरावांचा अंगठा घेतला आणि तिच्या गळ्याखालून शेपटीपर्यंत ओढून नेला.

"काही हाये?"

"नाही. रिकामी हाये."

मग तिला पाण्यात बुडवून खालचा ओठ नखाने ओढला. आधी काळे ठिपके बाहेर आले, राईच्या दाण्यासारखे. मग ते ठिपके पोहायला लागले. डोळे आणि बारीक शेपट्या. येतच राहिले. घमेल्याचं पाणी काळं होत गेलं. भैय्यालाल उकिडवा बसून मोजायला लागला. "वीस... चाळीस... अबे हलू नका ना..." साठाच्या पुढे त्याने सोडून दिलं.

सगळे वाकले. त्यांची सावली पाण्यावर पडली. मासळी तळाशी दमून पडली होती, तरी तिने तोंड उघडलं, आणि पिल्लं परत तिच्या तोंडाकडे धावली. सगळी नाही शिरली, अर्धीअधिक शिरली. तिने तोंड मिटलं.

"आईच्यान," भैय्यालाल हळूच म्हणाला.

केशवरावांनी माझ्याकडे पाहिलं. आता ते मला चांगला माणूस समजत नव्हते. "हे तुमाले कवा कळलं?"

"ठरावाच्या एक महिना आधी. पवनीले."

"लिलाधर तुमच्या बाजूलेच बसला होता."

"हो."

बायांच्या घोळक्यातून सखाबाई पुढे आली होती. घमेल्याजवळ उभी राहून तिने आत पाहिलं. मग माझ्यासमोर आली. मी बाजूला सरकायला लागलो, सवयीने, की तिला पदर ओढायला जागा व्हावी.

"माह्याकडे पाहा," ती म्हणाली.

मी तिचा आवाज माझ्याशी बोलताना पहिल्यांदा ऐकला.

"चार वर्षं तुमी दिसले का मी पदर घेतला. मोठे हाये म्हनून घेतला. तो दिवाळीले येऊन तुमच्या पाया पडला. खोकत खोकत पडला. तवा पाय मागं घ्यावंसं वाटलं नाही तुमाले?"

तिने डोक्यावरचा पदर काढून खांद्यावर टाकला. भर सभेत, सगळ्या पुरुषांसमोर. "आता तुमी माह्ये भासरे नाही."

एक म्हातारी तिला ओढायला लागली, "चल व सखा, इतकं नाही बोलाव." ती हलली नाही. मीच पाण्याकडे तोंड केलं.

त्याच दिवशी जुना ठराव रद्द झाला. माझ्याबद्दल केशवराव अडखळले, "वडीलधारे हाये, स्वतः होऊन सांगितलं..." मी म्हणालो, नियमासाठी पहिला हात माझाच वर गेला होता. माझं नाव कमी झालं. चिखल्याला जाऊन लिलाधरला मीच सांगतो, असंही म्हणालो. सखाबाईने केशवरावांना सांगितलं, "तिकडे कोनी जाचं नाही. मी जाईन." आणि ती दुपारच्या गाडीने गेली.

चार दिवसांनी लिलाधर आला. गावभर फिरला, केशवरावांकडे बसला, भैय्यालालच्या ओसरीवर हसताना ऐकू आला. माझ्या दारावरून दोनदा गेला. मी अंगणात बसून राहायचो. खोकला आधी ऐकू यायचा, मग तो, मग पुन्हा नुसता खोकला, लांब जाणारा. तो आत आला असता तर काय बोलायचं ते मी ठरवून ठेवलं होतं. रोज थोडं बदलायचो.

जेठात पाणी गुडघ्याला आलं आणि मोठं जाळं पडलं. मी सभासद नव्हतो, तरी गेलो. पाळीवर उभं राहायला कोणाला मनाई नसते. उजव्या दोराला पहिला माणूस लिलाधर होता. दम लागला की थांबायचा, दोर सोडायचा नाही. जाळ्यात तिलापीच जास्त. रोहू थोडा. मरळ या वर्षीही नाही. मी तोंड वळवलं नाही, सगळं पाहिलं. आता ती मासळी तलावातून कोणी काढू शकणार नाही, हे मला आणि तिथल्या प्रत्येकाला माहीत होतं.

आमच्याकडे जाळं ओढून झालं की पाळीवर जो कोणी उभा असेल, वाटसरू असो की दुसऱ्या गावचा, त्याला ओंजळभर मासळी देतात. पाळीवरून कोणी रिकाम्या हाताने जायचं नसतं. बाहेरचे लोक दुपट्टा पसरून ओळीने उभे राहिले. त्यांच्यात मीही उभा राहिलो. सत्तरीच्या घरात आलो होतो आणि आयुष्यात पहिल्यांदा त्या ओळीत होतो.

वाटायला लिलाधर आला. एका हातात टोपलं, दुसरा हात भरून प्रत्येकाच्या दुपट्ट्यात टाकत. माझ्यापुढे आला. हात टोपल्यात गेला, ओंजळ भरली, माझ्या दुपट्ट्यात पडली. इतरांइतकीच, कमी नाही, जास्त नाही. त्याच्या नखांत अजून खाणीचं काळं होतं.

"लिलाधर," मी म्हणालो.

त्याने माझ्याकडे पाहिलं. खोकला आला, तो त्याने खांद्यावर तोंड वळवून काढला.

"पुढं सरका," तो म्हणाला. "मागं बाया उभ्या हाये."